गुरुत्वाकर्षण आणि क्वांटम सिद्धांत : दहा आठवड्यांच्या ऑनलाइन अभ्यासक्रमाचे परीक्षण

पदवीच्या वर्गाला भौतिकशास्त्र शिकवताना दरवर्षी कोणीतरी विद्यार्थी विचारतो, की सापेक्षता सिद्धांत, म्हणजे आइनस्टाइनचा गुरुत्वाचा सिद्धांत, आणि क्वांटम सिद्धांत, म्हणजे अणू व कणांचे नियम सांगणारा सिद्धांत, एकत्र का नांदत नाहीत. आणि दरवर्षी मी "एक मोठ्या वस्तूंचा, दुसरा सूक्ष्म वस्तूंचा, म्हणून" असे उत्तर देत आले. हे उत्तर अपुरे आहे याची जाणीव होती, पण नेमके काय अडते हे फळ्यावर मांडता येत नव्हते. त्यासाठी या पावसाळ्यात मी एका परदेशी विद्यापीठाचा सशुल्क ऑनलाइन अभ्यासक्रम पूर्ण केला. आठवड्याला दोन ध्वनिचित्रित व्याख्याने, एक गृहपाठ आणि महिन्यातून एकदा थेट शंकानिरसन, असे त्याचे स्वरूप आहे. शुल्क साडेचार हजार रुपये.

अभ्यासक्रमाची सुरुवात अडचणीपासून होत नाही, आणि हा निर्णय मला फार मोलाचा वाटला. आधी हे दोन सिद्धांत कुठे सुखाने जुळतात ते दाखवले आहे. १९७५ साली अमेरिकेत कोलेला, ओव्हरहाउझर आणि वर्नर यांनी सिलिकॉनच्या एकाच स्फटिकातून कोरलेल्या उपकरणात न्यूट्रॉनचा झोत दोन वाटांनी नेला, उपकरण फिरवून एक वाट दुसरीपेक्षा थोडी उंच केली आणि दोन्ही वाटा पुन्हा एकत्र आल्यावर तरंगांमध्ये पडलेले कलांतर (एक तरंग दुसऱ्याच्या किती मागे-पुढे आहे ते) मोजले. त्या कलांतराच्या सूत्रात पृथ्वीचे गुरुत्व त्वरण आणि प्लँकचा स्थिरांक, म्हणजे क्वांटम नियमांची खूण असलेला आकडा, शेजारी शेजारी बसतात, आणि प्रयोगाचे उत्तर सूत्राला धरून येते. गृहपाठात हीच आकडेमोड करायला दिली आहे. ती स्वतः केल्यावर माझे "मोठे विरुद्ध सूक्ष्म" हे उत्तर मी कायमचे सोडले. न्यूट्रॉनला गुरुत्व कळते आणि क्वांटम नियमही कळतात. मात्र येथे गुरुत्व पृथ्वीचे आहे, स्थिर आणि बाहेरून दिलेले. गुरुत्वाचा उगमच क्वांटम स्थितीत असेल, किंवा गुरुत्व क्षेत्रालाच क्वांटम नियम लावायचे असतील, तर खरी कठीण वाट सुरू होते.

तिसरा ते पाचवा आठवडा हा या अभ्यासक्रमाचा गाभा आहे, आणि एवढ्यासाठीसुद्धा शुल्क भरावे असे मी म्हणेन. कणांच्या टकरीची शक्यता काढताना मधल्या सर्व संभाव्य प्रक्रियांची बेरीज करावी लागते आणि ती अनंत येते. विद्युतचुंबकत्वात ही अनंतता इलेक्ट्रॉनचे वस्तुमान व विद्युतभार अशा मोजक्या राशींमध्ये सामावून घेता येते, कारण तिथल्या बलाची ताकद सांगणारा आकडा, सुमारे १/१३७, निव्वळ अंक आहे; त्याला एकक नाही. न्यूटनच्या गुरुत्व स्थिरांकाला एकक आहे, आणि त्यामुळे गुरुत्वाची परिणामकारक ताकद ऊर्जेच्या वर्गाच्या प्रमाणात वाढत जाते. परिणामी बेरजेच्या पुढच्या पुढच्या पायरीवर नव्या प्रकारची अनंतता निघते, तिच्यासाठी नवा स्थिरांक लागतो, तो प्रयोगातूनच ठरवावा लागतो, आणि अशा स्थिरांकांची यादी संपत नाही. ज्या सिद्धांताला अनंत मोजमापे आधी पुरवावी लागतात, तो भाकीत कसले करणार? १९७४ मध्ये ट होफ्ट आणि वेल्टमन यांनी दाखवले, की केवळ गुरुत्व घेतले तर पहिल्या पायरीवर ही अनंतता निरुपद्रवी ठरते, पण पदार्थ मिसळताच ती डोके वर काढते. ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर गोरॉफ आणि सान्योत्ती यांनी दुसऱ्या पायरीचे अतिशय दीर्घ गणित पूर्ण केले, तेव्हा केवळ गुरुत्वातही शून्य न होणारे पद उरले. त्याच्या सहगुणकातला २०९/२८८० हा अपूर्णांक प्राध्यापकांनी फळ्यावर लिहिला आणि काही क्षण ते त्याच्याकडे पाहत थांबले. तो क्षण मला शिक्षिका म्हणून फार आवडला.

याच आठवड्यांत प्राध्यापकांनी गैरसमजाची दुसरी बाजूही दूर केली. कमी ऊर्जेला हे नवे स्थिरांक जवळपास परिणामशून्य असतात, म्हणून तेथे गुरुत्वाचा क्वांटम सिद्धांत व्यवस्थित चालतो. १९९४ साली डॉनह्यू यांनी या मार्गाने न्यूटनच्या नियमाला क्वांटम दुरुस्ती काढता येते हे दाखवून दिले. ती कोणत्याही उपकरणाला जाणवणार नाही इतकी लहान आहे, पण ती निश्चित आहे. गणित कोलमडते ते प्लँक ऊर्जेजवळ, म्हणजे गुरुत्वाची क्वांटम ताकद मोठी होते त्या ऊर्जेजवळ, आणि जिनिव्हाच्या महाकाय कण-त्वरकातील टकरींची ऊर्जा तिच्यापेक्षा सुमारे दहाच्या पंधराव्या घाताइतक्या पटींनी कमी पडते.

सहाव्या आठवड्यात काळाचा प्रश्न येतो. क्वांटम सिद्धांतात काळ बाहेरच्या घड्याळासारखा गृहीत धरलेला असतो. सापेक्षतेत तो पदार्थानुसार वाकणाऱ्या अवकाशकालाचाच भाग असतो. दोन्ही एकत्र लिहू पाहिले की १९६७ च्या व्हीलर-डिविट समीकरणातून, म्हणजे विश्वाची क्वांटम स्थिती सांगणाऱ्या समीकरणातून, काळ दिसेनासाच होतो. लेनिनग्राडचे भौतिकशास्त्रज्ञ मात्वेई ब्रॉनस्टाइन यांनी १९३६ मध्येच अडचणीचे मूळ हेरले होते: क्षेत्र अधिकाधिक अचूक मोजायचे तर मोजणारी वस्तू लहान आणि जड हवी, पण ती प्रमाणाबाहेर जड झाली तर स्वतःच्याच गुरुत्वात गडप होईल. पुढे दोन वर्षांत स्टालिनच्या राजवटीने वयाच्या ३१ व्या वर्षी त्यांना गोळ्या घातल्या. व्याख्यानात त्यांना दोन मिनिटे मिळाली. अधिक मिळायला हवी होती.

माझी मुख्य तक्रार सातव्या-आठव्या आठवड्यांबद्दल आहे. कण म्हणजे सूक्ष्म तंतूंची कंपने मानणाऱ्या तंतू सिद्धांताला तीन व्याख्याने आणि अवकाशालाच क्वांटम नियम लावणाऱ्या वलय क्वांटम गुरुत्वाला उरलेले एकच, हा वाटा न्याय्य नाही. धुळे जिल्ह्यातील शिरपूर येथे जन्मलेल्या अभय अष्टेकर यांनी १९८६ मध्ये आइनस्टाइनची समीकरणे नव्या चलांमध्ये (गणिती राशींमध्ये) लिहिली आणि त्या पायावर ही सारी शाखा उभी राहिली. त्या चलांची व्युत्पत्ती "वेळेअभावी" वगळली आहे. त्यामुळे क्षेत्रफळाचेही सुटे अंश का असावेत, म्हणजे ते ठरावीक लहान तुकड्यांतच का मिळावे, हा निष्कर्ष विद्यार्थ्याला केवळ विश्वासावर स्वीकारावा लागतो. शिवाय शंकानिरसन भारतीय वेळेनुसार रात्री दोन वाजता होते, आणि स्वयंचलित उपशीर्षके पारिभाषिक शब्दांवर वारंवार चुकतात.

शेवटचे दोन आठवडे प्रयोगांचे आहेत. गुरुत्व खरोखर क्वांटम आहे का, हे तपासण्यासाठी दोन वस्तुमाने प्रत्येकी एकाच वेळी दोन ठिकाणी असल्याच्या क्वांटम स्थितीत आणून, ती केवळ गुरुत्वाने परस्परांत गुंततात का (एकाची स्थिती दुसऱ्याशिवाय सांगता येईनाशी होते का) ते पाहावे, अशी सूचना २०१७ मध्ये बोस व त्यांचे सहकारी आणि स्वतंत्रपणे मार्लेटो व वेड्राल यांनी केली. त्यासाठी मिलिग्रॅमच्या दहा कोटीव्या भागाएवढे वस्तुमान सुचवले गेले. व्हिएन्नात २०१९ मध्ये सुमारे दोन हजार अणूंच्या रेणूंचे व्यतिकरण, म्हणजे तरंगांसारखे एकमेकांत मिसळणे, साधले. ते रेणू सुचवलेल्या वस्तुमानापेक्षा सुमारे २४ कोटी पट हलके आहेत. तेथेच २०२१ मध्ये ९० मिलिग्रॅमच्या सोन्याच्या गोळीचे गुरुत्व मोजले गेले. ती गोळी सुचवलेल्या वस्तुमानापेक्षा सुमारे ९०० कोटी पट जड आहे. ही दरी शेवटच्या गृहपाठात स्वतः मोजायला लावली आहे, आणि त्या गृहपाठाला मी पूर्ण गुण देते.

पदव्युत्तर विद्यार्थ्यांनी हा अभ्यासक्रम निःशंक घ्यावा. पदवीच्या विद्यार्थ्यांनी पहिले दोन आठवडे पाहून थांबावे, क्वांटम क्षेत्र सिद्धांताची, म्हणजे तिसऱ्या आठवड्यातील कणांच्या टकरींच्या गणितामागच्या सिद्धांताची, तोंडओळख करून घ्यावी आणि मग तिसऱ्या आठवड्याकडे वळावे. व्याख्याने वर्षभर उपलब्ध राहतात.