सिंगापूरचा हॉकर फूड वॉक: काही महिने उलटल्यावर

सिंगापूरला राहायला आलो आणि सामान लागायच्या आतच मी चायनाटाउनमधला एक फूड वॉक केला. बरोबर गाइड, पायी फिरायचं, चार-पाच ठिकाणी थांबून खायचं. त्याच संध्याकाळी लिहायला बसले असते तर नुसत्या चवींबद्दल लिहिलं असतं. आता बरेच महिने इथल्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे एकाच छपराखाली खाण्याचे अनेक छोटे स्टॉल असतात त्या ठिकाणी जेवतेय, म्हणून वेगळं काही सांगता येईल. फूड वॉक चांगला की वाईट हे त्या दिवशी ठरत नाही. नंतर गाइड बरोबर नसताना आपण त्या स्टॉलपुढे किती सहज उभे राहतो, यावरून ते ठरतं. या कसोटीला माझा वॉक बऱ्यापैकी उतरला, एका बाबतीत मात्र साफ कमी पडला.

आधी वॉकबद्दल थोडक्यात. आम्ही डझनभर लोक होतो, साधारण साडेतीन तास चाललो. मॅक्सवेल फूड सेंटरपासून सुरुवात, मग गल्ल्यांमधून चायनाटाउन कॉम्प्लेक्स. फी माणशी शंभर सिंगापूर डॉलरच्या आसपास, खाणंपिणं त्यातच. हॉकर सेंटरमध्ये एक भरपेट ताट पाच-सहा डॉलरला मिळतं, त्यामुळे निव्वळ खाण्याचा हिशेब केला तर ही रक्कम जास्तच आहे. तुम्ही पैसे मोजता ते गाइडच्या माहितीसाठी, हे डोक्यात ठेवून जा. इथे पैसे घेऊन गाइडचं काम करायला सरकारी परवाना लागतो, तेव्हा बुकिंग करताना ते एकदा बघून घ्यावं.

आमच्या गाइडने सगळ्यात चांगलं काय केलं, तर खाण्याआधी आम्हाला स्मिथ स्ट्रीटवर उभं करून दाखवलं की आज चायनाटाउन कॉम्प्लेक्सच्या वरच्या मजल्यावर जे स्टॉल आहेत तसे विक्रेते एके काळी खाली याच रस्त्यांवर होते. गाड्या, पाट्या, खांद्यावरच्या कावडी. ना नळ, ना सांडपाण्याची सोय. १९६८-६९ मध्ये सरकारने बेटभर नोंदणी केली आणि रस्त्यावरच्या सुमारे १८,००० विक्रेत्यांना परवाने दिले. १९७१ पासून पाणी, वीज, गटार असलेली सेंटरं बांधायला घेतली आणि १९८६ पर्यंत रस्त्यावरचे विक्रेते त्यांत हलवले. एकाच छपराखाली चिनी, मलय, भारतीय असे स्टॉल शेजारी-शेजारी का असतात, एकेका स्टॉलवर एक किंवा दोनच पदार्थ का असतात, हे सगळं तिथून उलगडत जातं. रस्त्यावर ज्याची जी गाडी होती, तीच तो घेऊन आत आला. २०२० च्या डिसेंबरमध्ये युनेस्कोने या हॉकर संस्कृतीला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. मला त्यात काहीच अतिशयोक्ती वाटत नाही.

पहिला थांबा कोपीचा. कोपी म्हणजे इथली कॉफी, आणि माझ्या मते वॉकमधली सगळ्यात टिकाऊ शिकवण हीच. बिया बहुधा रोबस्टाच्या, भाजताना त्यांत साखर आणि मार्गारीन घालतात, म्हणून रंग काळाकुट्ट येतो आणि जळक्या साखरेची झाक लागते. मग लांब कापडी पिशवीतून गाळतात, उंचावरून ओततात. नुसतं कोपी म्हटलं की त्यात कंडेन्स्ड मिल्क येतं. कोपी-सी मध्ये इव्हॅपोरेटेड मिल्क आणि साखर, कोपी-ओ मध्ये दूध नाही, साखर आहे. पुढे सिउ दाई जोडलं की गोड कमी, कोसोंग म्हटलं की साखर अजिबात नाही, पेंग म्हटलं की बर्फ घालून. चहालाही हाच हिशेब, फक्त कोपीच्या जागी तेह. गाइडने प्रत्येकाला स्वतः ऑर्डर द्यायला लावली, मागे मोठी रांग असताना. मला तेव्हा ते अवघड गेलं, पण दुसऱ्या दिवसापासून घराखालच्या सेंटरमध्ये मी एकटी जाऊन तेह-सी सिउ दाई मागायला लागले आणि आठवडाभरात तिथल्या आंटी माझा कप न विचारता भरायला लागल्या. माझ्या नवऱ्याने वॉक केला नव्हता. तो बरेच दिवस बोट दाखवून चहा मागत होता आणि भलताच गोड चहा पीत होता.

दुसरी गोष्ट चिकन राइसची. आपल्याकडून आलेल्या माणसाला हे ताट पहिल्यांदा फिकं दिसतं. पांढरी, कोमट कोंबडी आणि भात, मसाला कुठेच नाही. गाइडने स्टॉलसमोर उभं राहून प्रक्रिया सांगितली. अख्खी कोंबडी खळखळ न उकळणाऱ्या पाण्यात सावकाश शिजवायची, मग थेट बर्फाच्या पाण्यात बुडवायची. त्यामुळे कातडीखाली जेलीसारखा थर धरतो आणि मांस लुसलुशीत राहतं. तांदूळ कोंबडीच्या चरबीत आलं-लसणावर परतायचे आणि त्याच कोंबडीच्या पाण्यात पांदानच्या सुवासिक पानांसह शिजवायचे. खरी परीक्षा भाताची. ते ऐकल्यावर मी आधी नुसता भात खाल्ला आणि मग कुठे त्या ताटातली कारागिरी कळली. आज नवीन सेंटरमध्ये गेले तरी आधी भाताचाच घास घेते. भात कोरडा आणि बिनवासाचा असेल तर बाकी काही बघायची गरज नाही.

चायनाटाउन कॉम्प्लेक्समध्ये दोनशेच्या वर स्टॉल आहेत, देशातलं हे सर्वांत मोठं हॉकर सेंटर. २०१६ च्या पहिल्या सिंगापूर मिशेलिन गाइडमध्ये (खाण्याच्या उत्तम जागांना तारे देणारं पुस्तक) ज्या दोन हॉकर स्टॉलना तारा मिळाला त्यांतला एक इथला. आम्ही तिथे रांग लावली नाही, आणि गाइडचा हा निर्णय मला आवडला. तेवढ्या वेळात आम्ही तीन वेगळ्या स्टॉलवर खाल्लं.

वागण्या-बोलण्याचे नियमही वॉकमध्येच कळले आणि ते रोज उपयोगी पडतात. टेबलावर टिश्यूचं पाकीट ठेवलेलं दिसलं की ती जागा कुणीतरी धरलेली आहे, तिथे बसायचं नाही. दुपारच्या गर्दीत अनोळखी लोकांच्या टेबलावर विचारून बसलं तर कुणाला खटकत नाही. खाऊन झालं की ट्रे स्वतः नेऊन ठेवायचा. २०२१ च्या सप्टेंबरपासून हॉकर सेंटरमध्ये हे बंधनकारक आहे, पहिल्या वेळी लेखी ताकीद मिळते, पुन्हा तसंच केलं तर ३०० डॉलर दंड. हलाल आणि इतर भांड्यांचे रॅक वेगळे असतात, त्यांची सरमिसळ होऊ द्यायची नाही. टिप द्यायची पद्धत नाही. चालवणाऱ्या वयस्क मंडळींना अंकल-आंटी म्हणायचं, आपल्याला ते जमतंच.

आता कमी कुठे पडलं ते. आमच्या घरी मी सगळं खाते, नवरा अंड्यापर्यंत आणि सासूबाई शुद्ध शाकाहारी. त्या राहायला आल्या तेव्हा याच कंपनीचा वॉक त्यांच्याबरोबर पुन्हा केला, बुकिंगमध्ये शाकाहारी असं स्पष्ट लिहून. प्रत्यक्षात प्रत्येक थांब्यावर त्यांना बाजूला काढलेलं काहीतरी मिळत गेलं. बाकीचे नूडल्स खात असताना त्यांच्यापुढे कापलेलं फळ. एका ठिकाणी तर भाजीवर सांबाल, म्हणजे मिरचीचं तिखट वाटण, घालून दिलं. सांबालमध्ये बहुधा बेलाचान असतं, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीची चटणी. मी वासावरून ओळखलं म्हणून थांबवता आलं. सासूबाईंनी चेहरा पाडला नाही, पण मला फार वाईट वाटलं. शाकाहारी पाहुण्याकडून पूर्ण फी घेता, तर त्याच्यासाठी वाटही वेगळी आखायला हवी.

कारण तशी वाट इथे आहे. बहुतेक मोठ्या हॉकर सेंटरमध्ये एखादा चिनी बौद्ध शाकाहारी स्टॉल असतो. तिथे तळलेली शेवई, टोफू, कोबी, मश्रूम, शिवाय मांसासारखे दिसणारे सोया आणि गव्हाच्या ग्लुटेनचे तुकडे. ते दिसायला हुबेहूब मांसासारखे असल्याने घरच्या ज्येष्ठांना आधी सांगून ठेवावं. यातल्या अनेक स्टॉलवर कांदा-लसूणही वापरत नाहीत, म्हणजे चातुर्मास पाळणाऱ्यांचीही सोय होते. चिनी पंचांगाच्या महिन्यातल्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी तिथे गर्दी वाढते, कारण बरेच बौद्ध लोक त्या दिवशी शाकाहार करतात. पंधरावा दिवस म्हणजे पौर्णिमाच, हे कळल्यावर सासूबाई त्या स्टॉलवर आनंदाने जेवल्या. हे सगळं मला स्टॉलवाल्या आंटींनी सांगितलं, गाइडने नाही.

इतर पदार्थांत शाकाहारी माणसाने काय टाळायचं, हे इथेच सांगून टाकते. लाक्सा म्हणजे नारळाच्या तिखट रश्शातल्या नूडल्स, त्या रश्शात वाळलेली कोळंबी वाटलेली असते, वरून दिसत नाही. ‘चार क्वे तियाव’ या तांदळाच्या रुंद नूडल्स डुकराच्या चरबीत परततात, त्यात सॉसेज आणि शिंपल्या असतात. काया टोस्टमधला काया हा नारळाचं दूध, साखर, पांदान आणि अंड्याचा असतो. गोडात चेंडोल मात्र निर्धास्त घ्यावं. किसलेला बर्फ, नारळाचं दूध, पांदानच्या हिरव्या शेवया आणि ताडगुळाचा पाक.

काही महिन्यांनी मी दुसऱ्या एका छोट्या गटाबरोबर जू चियात आणि काटोंग या भागांचा वॉक केला. पाचच माणसं होतो, आणि फरक लगेच जाणवला. मोठ्या गटात गाइड आधीच ऑर्डर देऊन ठेवतो, आपण येऊन बसतो. छोट्या गटात आपण ओट्यापाशी उभे राहतो, हात कसे चालतात ते बघतो, एखादा प्रश्न थेट स्टॉलवाल्याला विचारतो. काटोंगच्या लाक्सात नूडल्स आधीच कापलेल्या असतात, नुसत्या चमच्याने खातात. हेग रोडला पुतु पिरिंग खाल्लं. तांदळाच्या पिठीची छोटी वाफवलेली चकती, आत ताडगूळ, बाजूला ओलं खोबरं. पहिल्या घासाला उकडीचा मोदकच आठवला. पीठ भरण्यापासून वाफ धरेपर्यंत सगळं डोळ्यांसमोर होतं आणि कुणी घाई करत नव्हतं.

लिटिल इंडियाच्या वॉकबद्दल मैत्रिणी विचारतात. मराठी माणसाने त्यासाठी पैसे खर्च करावेत असं मला वाटत नाही. तिथल्या टेक्का सेंटरला सरळ जा, थोसाई (म्हणजे डोसा), पराटा, बिर्याणी ओळखीचीच आहे. तिथल्या मंडईत फिरा, हवं ते खा. पैसे तिथे घाला जिथे आपल्याला काहीच ओळखीचं नाही.

अजून एक, हॉकर मंडळींचं वय. सरासरी वय साठीच्या आसपास आहे. पहाटे उठून दिवसभर उष्ण कढईपुढे उभं राहणं, आणि ताटाची किंमत मात्र लोकांना कमीच हवी असते. पुढची पिढी स्टॉल घ्यायला सहजी तयार होत नाही. दोन्ही वॉकमध्ये यावर चार वाक्यांपलीकडे कुणी बोललं नाही आणि ते मला खटकलं. माझ्या घराखालच्या सेंटरमधला पॉपियाहचा (सारण भरून गुंडाळलेली पातळ पोळी) स्टॉल याच वर्षी बंद झाला. आता तिथे दुसरं काहीतरी मिळतं.

जाणाऱ्यांसाठी शेवटचं. वॉक मुक्कामाच्या अगदी सुरुवातीला करा, म्हणजे शिकलेलं वापरायला दिवस उरतात. सकाळचा घ्या, कारण बरेच जुने स्टॉल दुपारनंतर माल संपला की बंद करतात आणि ऊनही कमी असतं. सोमवारी अनेक स्टॉल बंद असतात. शिवाय प्रत्येक सेंटर दर तीन महिन्यांनी साफसफाईसाठी बंद ठेवतात, त्याच्या तारखा सरकारी संकेतस्थळावर मिळतात. बुकिंगआधी कंपनीला तीन गोष्टी लेखी विचारा: गटात जास्तीत जास्त किती माणसं, ऑर्डर आम्ही द्यायची की तुम्ही, आणि शाकाहारी माणसाला प्रत्येक थांब्यावर नेमका कोणता पदार्थ मिळेल. तिसऱ्या प्रश्नाला पदार्थांची नावं न देता “व्यवस्था होईल” असं उत्तर आलं, तर दुसरी कंपनी बघा.