मीलवर्म घरी वाढवले: दसरा ते आषाढ, बेळगावातला अनुभव

दगडू हा आमचा तीन वर्षांचा बिअर्डेड ड्रॅगन, म्हणजे पाळीव सरडा. गेल्या दसऱ्यापर्यंत त्याच्या खाण्यासाठी मीलवर्म, म्हणजे एका भुंगेऱ्याच्या अळ्या, कुरिअरने मागवायचे. उन्हाळ्यात पार्सल उघडलं की निम्म्या अळ्या काळ्या पडलेल्या असायच्या, आणि विकणाऱ्याचं ठरलेलं उत्तर, "वाटेत गरम झालं." शेवटी १०० ग्रॅम जास्तीचे घेतले आणि शहापुरातल्या घरी मागच्या खोलीत प्लास्टिकचे तीन ड्रॉवर मांडले. आज्जी म्हणाली, "अगं, पिठात अळी झाली तर आपण पीठ टाकून देतो, आणि तू मुद्दाम पाळणार?" ड्रॉवर स्वयंपाकघरापासून लांब ठेवले, तेव्हा तिने मान्य केलं.

गव्हाचा कोंडा हाच त्यांचा बिछाना आणि हेच जेवण. मी तो कढईत मंद आचेवर भाजून गार करून घालते, म्हणजे त्यातले पोरकिडे आधीच मरतात. पाणी कधीच ठेवायचं नाही. ओल बटाट्याच्या किंवा गाजराच्या फोडीतून मिळते. एका ड्रॉवरमध्ये अळ्या, दुसऱ्यात कोष, तिसऱ्यात भुंगेरे. वेगळे ठेवणं गरजेचं आहे, कारण भुंगेरे अंडी आणि कोष दोन्ही खातात. मी पहिल्याच महिन्यात आळस केला आणि बरेच कोष कुरतडलेले सापडले.

थंडीत रात्री गारठा पडला तेव्हा सगळंच मंदावलं. मार्चपासून मात्र नुसती धूम. कोषातून नुकता निघालेला भुंगेरा दुधासारखा पांढरा असतो, मग तांबूस होतो आणि काही दिवसांत काळाभोर. तो पांढरा किडा तळहातावर घेऊन मी कितीदा तरी बघत बसले आहे.

खरी परीक्षा मिरगानंतर. बेळगावच्या पावसात मीठसुद्धा पाझरतं, तिथे कोंड्याचं काय! जूनच्या तिसऱ्या आठवड्यात ड्रॉवरच्या कडेला तपकिरी धूळ दिसली. बोट लावलं तर धूळ चालत होती. माइट, म्हणजे धुळीएवढे बारीक जीव! जुना कोंडा फेकला, ड्रॉवर धुऊन कोरडे केले, अळ्या रव्याच्या चाळणीने चाळून नव्या, भाजलेल्या कोंड्यात टाकल्या. तेव्हापासून पावसाळ्याचा माझा नियम असा: गाजराची पातळ फोड सकाळी घालायची, संध्याकाळी काढायची, आणि दोन दिवसांआड. झाकणाऐवजी बारीक जाळी. चाळणीखाली पडणारी विष्ठा कढीपत्त्याच्या कुंडीत जाते.

ड्रॅगनला फक्त मीलवर्म देऊ नका, हे कळकळीने सांगते. यांच्यात चरबी जास्त असते, आणि कॅल्शियमपेक्षा फॉस्फरस बराच जास्त असतो. देण्याआधी एक दिवस त्यांना गाजर आणि पालेभाजी खाऊ घालते, मग कॅल्शियम पावडरीत घोळवते. यूव्हीबी (अतिनील किरणांचा) दिवा किंवा थेट ऊन नसेल तर अंगात ड जीवनसत्त्व तयार होत नाही आणि दिलेलं कॅल्शियमही लागू पडत नाही. मोठ्या ड्रॅगनच्या ताटात मुख्यतः पाला हवा; किडे आठवड्यातून दोन-तीनदा. पिल्लांना किडे जास्त लागतात, पण त्यांच्यासाठी जाड कवचाचे मीलवर्म मुख्य खाणं म्हणून योग्य नाहीत.

बाहेरचे किडे का नकोत, हे मेअखेरीस खानापूरला मामांकडे पटलं. भाचा बाटलीत काजवे धरून धावत आला, "आत्ते, दगडूला!" मी बाटली घेतली आणि काजवे अंगणात सोडले. अमेरिकेत काजवा खाऊन बिअर्डेड ड्रॅगन मेल्याच्या नोंदी आहेत. त्याला जवळ घेऊन सगळं समजावलं. ऊस आणि तंबाखूच्या शेतातले टोळही मी देत नाही, फवारणीची भीती असते.

दसऱ्यापासून कुरिअर बंद आहे, आणि आता माइटही दिसत नाहीत. सुरुवात करायची असेल तर दिवाळीनंतर करा. पावसापर्यंत हात बसतो.