मेडिकल कोडिंगचा क्लास, उस्मानपुरा, छत्रपती संभाजीनगर: फ्रॅक्चरच्या फॉलो-अपचा भाग कसा शिकवतात

मेडिकल कोडिंगचा, म्हणजे रुग्णाच्या नोंदींतील आजार-उपचारांना ठरावीक कोड देण्याच्या कामाचा, क्लास निवडताना फी आणि नोकरीची हमी यांपेक्षा तिथे फ्रॅक्चर कसे शिकवतात हे आधी पाहावे, असे मला मनापासून वाटते, कारण आयसीडी-१०-सीएम या आजार-दुखापतींच्या कोडच्या अमेरिकी पद्धतीतील सर्वांत कसून वाचायला लावणारा भाग तोच आहे. या क्लासमध्ये लातूर, बीड, जालना, परभणी येथून आलेले बी.फार्म., बी.ए.एम.एस. आणि नर्सिंगचे पदवीधर एकत्र बसतात. मी फिजिओथेरपीची असल्यामुळे प्लास्टर निघाल्यानंतर पुन्हा चालायला शिकणारे रुग्ण माझ्या रोजच्या पाहण्यातले आहेत, आणि म्हणून पायाच्या फ्रॅक्चरनंतरच्या फॉलो-अपचे कोडिंग शिकवताना मॅडम कुठे घाई करतात यावर माझे विशेष लक्ष होते. त्यांनी या भागात कुठेही घाई केली नाही.

गुडघ्याखालच्या पायाची फ्रॅक्चर, घोट्यासह, एस८२ या गटात येतात. कोणते हाड, हाडाचा कोणता भाग, उजवा पाय की डावा, हाड सरकले आहे की जागेवर आहे, हे सगळे पहिल्या सहा स्थानांत बसते आणि त्यानंतर येते ते सातवे अक्षर. बहुतेक विद्यार्थी अशी समजूत घेऊन येतात की रुग्ण पहिल्यांदा आला तर ‘ए’ आणि पुन्हा आला तर ‘डी’. मॅडमनी ही समजूत पहिल्याच तासाला मोडून काढली. सातवे अक्षर भेटीचा क्रमांक सांगत नाही, उपचाराचा टप्पा सांगते. ऑपरेशन, तातडीच्या विभागातील उपचार, नव्या डॉक्टरांनी चालू ठेवलेला सक्रिय उपचार, फ्रॅक्चर बंद, म्हणजे वरची त्वचा न फाटलेले, असल्यास या सगळ्यांना ‘ए’ लागते. रुग्ण उशिरा आला आणि ऑपरेशन काही आठवड्यांनी झाले, तरीही ‘ए’च. सक्रिय उपचार संपून हाड जुळून येण्याच्या काळातील तपासणी, प्लास्टर बदलणे किंवा काढणे, एक्स-रे पाहणे, हे सुरू झाले की बंद फ्रॅक्चर नेहमीच्या गतीने जुळत असल्यास ‘डी’.

हे नियम कोणत्याही पुस्तकात मिळतात, परंतु ते चार्टवर, म्हणजे रुग्णाच्या उपचारांच्या नोंदीवर, लावून दाखवण्याची या क्लासची रीत मला फार मोलाची वाटली. सरावाच्या एका चार्टमध्ये ५८ वर्षांच्या स्त्रीच्या उजव्या घोट्याचे बायमॅलिओलर, म्हणजे घोट्याच्या दोन्ही बाजूंची हाडे मोडलेले, फ्रॅक्चर होते. प्लेट-स्क्रूचे ऑपरेशन होऊन सहा आठवडे झालेले, जखम भरलेली, एक्स-रेमध्ये कॅलस (जुळताना तयार होणारे नवे हाड) दिसत असलेला, आणि वॉकर घेऊन थोडा भार देण्यास सुरुवात करावी असा सल्ला. बाई दुसऱ्या शहरात राहायला गेल्यामुळे नव्या सर्जनकडे पहिल्यांदाच आल्या होत्या. काहींनी नवा डॉक्टर पाहून ‘ए’ लिहिले, तर काहींनी ऑपरेशननंतरची देखभाल म्हणून झेड४७ मधला कोड काढला. मॅडमनी उत्तर फळ्यावर लिहिले नाही. सक्रिय उपचार संपल्याचे कोणत्या शब्दांवरून ठरते, त्या शब्दांखाली प्रत्येकाने पेन्सिलीने रेघ ओढावी, असे त्यांनी सांगितले आणि बाकांमधून फिरून प्रत्येकाचा कागद पाहिला. मग उत्तर वर्गातूनच निघाले: एस८२.८४१डी. हाड सरकले की नाही हे नोंदवलेले नसल्यास सरकलेले धरायचे, उघडे की बंद हे नोंदवलेले नसल्यास बंद धरायचे, आणि अपघाताने झालेल्या फ्रॅक्चरच्या देखभालीसाठी झेड कोड वापरायचा नाही, मूळ फ्रॅक्चरचाच कोड सातव्या अक्षरासह द्यायचा, हे तिन्ही नियम त्या एका चार्टमध्ये पक्के झाले.

सातव्या अक्षरांचा तक्ताही पाठांतरासाठी हातात ठेवला जात नाही. नेहमीच्या गतीने जुळणारे ‘डी’, ‘ई’, ‘एफ’. उशिरा जुळणारे ‘जी’, ‘एच’, ‘जे’. न जुळलेले ‘के’, ‘एम’, ‘एन’. वाकडे जुळलेले ‘पी’, ‘क्यू’, ‘आर’. यांतील प्रत्येक तिकडीत पहिले अक्षर बंद फ्रॅक्चरचे, दुसरे उघड्या फ्रॅक्चरची तीव्रता सांगणाऱ्या गस्टिलो वर्गीकरणातील पहिल्या व दुसऱ्या प्रकारच्या उघड्या फ्रॅक्चरचे आणि तिसरे तिसऱ्या प्रकारच्या उघड्या फ्रॅक्चरचे असते. ‘आय’, ‘एल’ आणि ‘ओ’ ही अक्षरे त्यात नाहीतच. न जुळलेल्या हाडासाठी रुग्ण पुन्हा ऑपरेशनला आला तरी ‘ए’ न देता ‘के’च्या तिकडीतील अक्षर द्यायचे, हा बारकावाही त्यांनी सोडला नाही. एक गोष्ट त्या वारंवार बजावतात आणि मला ती नीतीच्या दृष्टीनेही महत्त्वाची वाटते: हाड उशिरा जुळत आहे हे कोडरने आठवडे मोजून ठरवायचे नाही. डॉक्टरांनी तसे लिहिले असेल तरच ‘जी’; नोंद संदिग्ध असेल तर डॉक्टरांना विचारायचे.

सरावाचे चार्ट सगळे अमेरिकी असतात. घरासमोरच्या बर्फावरून घसरून पाय मोडलेला रुग्ण आमच्यापैकी कोणीही पाहिलेला नव्हता, तरी डब्ल्यू००.०एक्सएक्सडी हा कोड आम्हाला शिकावाच लागला. जखमेच्या कारणाचा कोड फॉलो-अपलाही देता येतो, मात्र घटनेचे ठिकाण सांगणारा वाय९२ फक्त उपचाराच्या पहिल्या भेटीत, हा फरक त्यांनी त्याच उदाहरणावर समजावला. सोबत ट्रॅक्टर-ट्रॉली आणि दुचाकीच्या अपघातांचे दोन-चार चार्ट घातले असते, तर बीड-परभणीच्या मुलांना कारणांच्या कोडची रचना आणखी लवकर उमगली असती.

उणिवा दोन आहेत आणि त्या लहान नाहीत. पहिली, हे कोड दरवर्षी १ ऑक्टोबरपासून नव्याने लागू होतात, आणि तरीही वर्गात वापरायला दिलेली काही पुस्तके मागील वर्षाची होती. फी पाहता चालू वर्षाचे पुस्तक प्रत्येकाच्या हातात असायला हवे. दुसरी उणीव मला अधिक खटकते. आपल्याकडील आरोग्य विम्याच्या दाव्याच्या अर्जात रुग्णालयाने भरायच्या भागात आयसीडी-१० कोडची जागा असते, आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या त्या मूळ आवृत्तीत सातवे अक्षरच नाही. तिथे फ्रॅक्चरच्या उपचारानंतरच्या तपासणीला झेड०९.४ हा स्वतंत्र कोड आहे. अमेरिकी नियमाने जी वाट बंद केली, ती इथे उघडी आहे. ज्या विद्यार्थ्याला पुण्या-हैदराबादला न जाता जालन्याच्या किंवा नांदेडच्या रुग्णालयातील विमा विभागात काम करायचे आहे, त्याला हा फरक माहीत असणे अत्यावश्यक आहे, आणि या क्लासमध्ये तो एका वाक्यात उरकला जातो.

अमेरिकी चार्टचे काम करू इच्छिणाऱ्यांनी इथे निःशंक प्रवेश घ्यावा. शरीररचनेचा पाया कच्चा असेल त्यांनी नडगी, घोटा आणि मांडीच्या हाडांची नावे आधी घरी पक्की करून यावीत, कारण वर्ग त्यासाठी थांबत नाही. प्रवेश घेण्यापूर्वी पुस्तक कोणत्या वर्षाचे मिळेल हे कार्यालयात स्पष्ट विचारून घ्यावे.