वीस वर्षांचे फ्लोटिंग गृहकर्ज : सोलापूरच्या गिऱ्हाइकाने घ्यावे का, आणि घ्यायचे तर कसे

जुळे सोलापूर, सैफुल, शेळगी किंवा होटगी रोडला फ्लॅट बघायला गेलेला माणूस तासभर प्रश्न विचारतो. पाणी किती दिवसाआड येते, बोअरला पाणी आहे का, लिफ्टला जनरेटर आहे का, पार्किंग कुणाच्या नावावर. तोच माणूस बँकेत मंजुरीपत्रावर हप्त्याचा आकडा तेवढा बघतो आणि दहा मिनिटांत सह्या करून उठतो. त्या दोन खरेद्यांमध्ये कर्जाची खरेदी बहुधा जास्त महाग पडते. म्हणून इथे परीक्षण कर्जाचे.

वस्तू आपल्याकडे सर्रास विकली जाते तीच धरू : ३० लाख रुपये, साडेआठ टक्के बदलता दर, मुदत २० वर्षे. हप्ता बसतो २६,०३५ रुपये. २४० हप्त्यांचे मिळून ६२ लाख ४८ हजार होतात, म्हणजे व्याज ३२ लाख ४८ हजार. घर ३५ लाखांचे असेल तर त्यात स्वतःचे ५ लाख, मुद्रांक शुल्क आणि नोंदणी मिळवा. महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क ५ टक्के अधिक स्थानिक अधिभार १ टक्का, आणि नोंदणी फी १ टक्का पण कमाल ३० हजार. हे २ लाख ४० हजार झाले. हा वरचा खर्च सहसा कर्जात धरला जात नाही, तो रोखीने उभा करावा लागतो. सगळे मिळून ३५ लाखांचे घर ७० लाखांच्या आसपास जाते. घर फक्त महिलेच्या नावावर घेतले तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे, ती सोडू नका. बांधकाम चालू असलेल्या, ४५ लाखांपर्यंतच्या आणि ९० चौरस मीटरपर्यंत कार्पेट असलेल्या घरावर १ टक्का जीएसटी लागतो, त्यापेक्षा मोठ्या किंवा महाग घरावर ५ टक्के. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या इमारतीत तो लागत नाही.

एक गोष्ट मात्र न्यायाने सांगायला हवी. वीस वर्षांनंतरचे २६ हजार आजच्या २६ हजारांइतके जड नसतात आणि तेवढा काळ भाडेही वाचते. त्यामुळे ३२ लाख व्याज म्हणजे सरसकट लूट नव्हे. प्रश्न आहे तो त्यातले किती टाळता आले असते याचा, आणि ते उत्तर पहिल्या पाच वर्षांत दडलेले असते.

पहिल्या महिन्याच्या २६,०३५ रुपयांत व्याज २१,२५० आणि मुद्दल अवघे ४,७८५. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता १५ लाख ६२ हजार भरल्यावर कर्ज उरते २६ लाख ४४ हजार. साडेपंधरा लाख गेले आणि मुद्दल साडेतीन लाखांनी हलले. निम्मे मुद्दल, म्हणजे १५ लाख, फिटायला जवळजवळ १४ वर्षे लागतात. यात बँकेची लबाडी काही नाही. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागते, आणि सुरुवातीला मुद्दल मोठे असते. पण गणित असे आहे हे काउंटरवर कुणी आपण होऊन सांगत नाही. हप्त्यांचा पूर्ण तक्ता मागून घ्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकेने कर्जाआधी ‘मुख्य तथ्य विवरण’ द्यायचे असते आणि त्यात हा तक्ता आणि सगळा आकार धरून काढलेला वार्षिक दर, म्हणजे एपीआर, असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दराने करू नका, या एपीआरने करा.

आता मुदत. हप्ता परवडत नाही म्हटले की अधिकारी सहज ३० वर्षे सुचवतो. हप्ता २३,०६७ होतो, महिन्याला सुमारे तीन हजार वाचतात आणि एकूण व्याज ३२ लाखांवरून ५३ लाखांवर जाते. उलट १५ वर्षांचा हप्ता २९,५४२. महिन्याला साडेतीन हजार जास्त, आणि व्याज ९ लाख ३० हजारांनी कमी. आमच्या मते ३० वर्षांची मुदत फक्त एकाच कारणासाठी घ्यावी : उत्पन्न अनियमित आहे, कागदावरचा हप्ता लहान हवा आहे, आणि जादा पैसे हाती येतील तसे भरायचा पक्का निश्चय आहे. हा निश्चय नसेल तर त्या मुदतीच्या वाटेला जाऊ नये.

या वस्तूचा सगळ्यात मोठा दोष मुदतीतच आहे. मुदत आपल्या नकळत वाढते. दर वाढला की अनेक बँका हप्ता तोच ठेवतात आणि महिने वाढवतात. खात्यातून रक्कम तेवढीच कापली जाते म्हणून घरात कुणालाच पत्ता लागत नाही. साडेआठचा दर सुरुवातीलाच नऊ झाला आणि हप्ता तोच राहिला, तर २४० हप्त्यांचे २६८ होतात. अर्ध्या टक्क्याची किंमत सात लाखांवर जाते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने देते तो, ४ वरून साडेसहा टक्के झाला. त्याआधी सात टक्क्यांनी ३० लाख घेतले असतील तर हप्ता होता २३,२५९. मुद्दल साडेएकोणतीस लाख उरलेले असताना दर साडेनऊ झाला, तर महिन्याचे नुसते व्याजच २३,३५४ होते. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज वाढते.

या प्रकारानंतर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडायची संधी कर्जदाराला द्यायची. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दराकडे वळण्याचा पर्यायही द्यायचा होता, पण ऑक्टोबर २०२५ पासून तो देणे न देणे बँकेच्या मर्जीवर आहे. मुदत वाढवताना कर्ज उलटे वाढता कामा नये. आणि दर तिमाहीला विवरण द्यायचे : आजवर किती मुद्दल, किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, दर काय. हे विवरण ईमेलवर येते किंवा बँकेच्या ॲपमध्ये पडून राहते. त्यातला एकच आकडा बघा, उरलेले हप्ते. तीन महिन्यांत तो तीनने कमी व्हायला हवा. कमी झाला नसेल तर त्याच आठवड्यात शाखेत लेखी अर्ज द्या : ‘मूळ मुदत कायम ठेवून हप्ता वाढवावा.’ तोंडी सांगितलेले टिकत नाही, अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या.

दर उतरतानाची गोष्ट वेगळी. ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडलेली असतात आणि दर किमान तीन महिन्यांतून एकदा बदलावा लागतो. गृहवित्त कंपन्या आणि नागरी सहकारी बँकांना हा नियम नाही. तिथे दर संस्थेच्या स्वतःच्या मोजपट्टीवर चालतो, आणि तो उतरायला वेळ लागतो. जुन्या गिऱ्हाइकाचा दर नव्या गिऱ्हाइकापेक्षा अर्धा टक्का जास्त राहिलेला असणे ही अगदी नेहमीची बाब. २६ लाख ४४ हजार शिल्लक आणि १५ वर्षे बाकी असताना नऊऐवजी साडेआठ दर मिळाला तर हप्ता ७८० रुपयांनी उतरतो, १५ वर्षांत १ लाख ४० हजार. त्यासाठी आपल्याच बँकेला रूपांतर फी भरून नवा दर मागता येतो, ती सहसा काही हजारांत असते. आधी हे करा. बँक ऐकत नसेल तरच कर्ज दुसरीकडे न्या, कारण तिथे प्रोसेसिंग फी, सर्च रिपोर्ट (मालकीच्या जुन्या नोंदींची तपासणी), मूल्यांकन आणि गहाणाचे मुद्रांक शुल्क पुन्हा भरावे लागते. दहा वर्षे उलटल्यावर हा खटाटोप क्वचितच परवडतो.

या कर्जाचा सगळ्यात चांगला गुण, मुदतपूर्व परतफेड. घरासाठी व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या कर्जावर दंड आकारता येत नाही. पहिल्या वर्षाअखेर १ लाख भरले तर शेवटचे १८ हप्ते गळतात आणि ३ लाख ७० हजार व्याज वाचते. तेच १ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर सहासुद्धा हप्ते जात नाहीत, वाचतात ५० हजार. म्हणून वेतन आयोगाचा फरक, दिवाळीचा बोनस, कारखान्याचे ऊस बिल, यंत्रमागाच्या सीझनचा नफा यांतला एक वाटा पहिल्या पाच-सात वर्षांत इकडे वळवा. दरवर्षी एक जादा हप्ता भरला तरी कर्ज १६ वर्षे ९ महिन्यांत फिटते आणि सहा लाखांवर व्याज वाचते. पगाराबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत नेला तर सव्वाबारा वर्षे पुरतात, व्याज साडेअकरा लाखांहून जास्त उतरते. फक्त सहा महिन्यांचा घरखर्च आधी बाजूला ठेवा. घरात भरलेले पैसे दवाखान्याच्या दिवशी परत मिळत नाहीत.

इथेही एक खाच आहे. जादा रक्कम भरताना काही सांगितले नाही तर काही बँका मुदत तीच ठेवून हप्ता कमी करतात. वरच्या उदाहरणातले पहिल्या वर्षीचे १ लाख असे वळवले तर हप्ता ८८५ रुपयांनी उतरतो आणि वाचते फक्त १ लाख २ हजार. तेच पैसे, तोच दिवस, फरक २ लाख ६८ हजारांचा. अर्जात स्पष्ट लिहा : ‘हप्ता कायम, मुदत कमी.’

कर्जासोबत विमा गळ्यात मारला जातो. विमा असावाच, कमावता माणूस गेला तर घर जाता कामा नये. पण एकरकमी हप्त्याची पॉलिसी कर्जात मिळवली तर त्यावरही २० वर्षे व्याज चढते. ९० हजारांच्या पॉलिसीचे १ लाख ८७ हजार होतात. आणि ती काढताना ‘सक्तीचे आहे’ असे कुणी म्हणाले तर ते लेखी मागा. बाहेरून मुदत विमा काढून तो बँकेच्या नावे जोडून देता येतो, बहुतेकदा स्वस्त पडतो.

सोलापूरचा खास प्रश्न कागदांचा आहे. १९९२ च्या हद्दवाढीत महापालिकेत आलेल्या भागांत गुंठेवारीचे प्लॉट पुष्कळ आहेत. बिगरशेती आदेश, मंजूर लेआउट, बांधकाम परवाना यांतले काही नसेल तर मोठ्या बँका फाइल परत करतात आणि माणूस साडेबारा टक्क्यांच्या दाराशी जाऊन बसतो. १५ लाखांवर, २० वर्षांत, साडेआठ आणि साडेबारातला फरक होतो ९ लाख ६६ हजार. स्वस्त वाटलेला प्लॉट असा महाग होतो. इसार देण्याआधीच वकिलाकडून ३० वर्षांचा सर्च घ्या आणि जिथून कर्ज काढायचे तिथे कागद दाखवा. गुंठेवारी नियमित करण्याचा खर्च मालकाने करायचा की तुम्ही, हे साठेखतातच लिहून घ्या.

पतसंस्थेचा दर ऐकताना एक प्रश्न विचारायचाच : फ्लॅट, म्हणजे शेवटपर्यंत मूळ पूर्ण रकमेवर व्याज, की घटत्या शिल्लकीवर? सात टक्के फ्लॅटने १० वर्षांसाठी ५ लाख घेतले तर हप्ता ७,०८३ बसतो, आणि घटत्या शिल्लकीच्या हिशेबाने तो दर पावणेबाराच्या घरात जातो.

बांधकाम चालू असलेल्या इमारतीत स्लॅबप्रमाणे कर्ज सुटते आणि ताबा मिळेपर्यंत फक्त व्याज भरावे लागते. सरासरी १५ लाख सुटलेले असताना दोन वर्षे गेली की २ लाख ५५ हजार जातात, मुद्दल जागेवरच. भाडे चालू असते ते वेगळे. म्हणून शक्य असेल तर पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करून मागा. आणि नोंदणीकृत करार झाल्याशिवाय बिल्डरला किमतीच्या १० टक्क्यांहून जास्त देऊ नका, रेरा कायदा तेवढेच घ्यायला परवानगी देतो.

करसवलतीचा हिशेब थोडक्यात. स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते, नव्यात नाही. ‘टॅक्स वाचतो’ म्हणून मुदत लांबवण्यात आता अर्थ उरलेला नाही.

कुणाकडून घ्यावे? नोकरदार, कागद स्वच्छ आणि सिबिल चांगला असेल तर रेपोशी जोडलेले राष्ट्रीयीकृत बँकेचे कर्ज, १५ वर्षांचे. फाइलला वेळ लागतो, फेऱ्या पडतात, तरी तेच. आयकर विवरणपत्रात उत्पन्न कमी दिसणाऱ्या व्यावसायिकाला गृहवित्त कंपनी किंवा सहकारी बँक सोयीची, पण दोन वर्षे हप्ते नीट भरून, विवरणपत्रे सुधारून कर्ज हलवायच्या तयारीनेच. प्लॉटचे कागद अपुरे असताना फ्लॅट दराचे कर्ज घेऊन घर बांधणे आम्ही सुचवणार नाही.

शेवटचा हप्ता भरल्यावर काम संपत नाही. मूळ दस्तऐवज ३० दिवसांत परत द्यायचे असतात, उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. खरेदीखत, इंडेक्स टू (दस्तनोंदणीचा उतारा), आधीच्या मालकांच्या खतांची साखळी हे सगळे, कर्ज घेताना केलेल्या यादीशी ताडून घ्या. कर्ज फिटल्याचा बेबाकी दाखला घ्या, सरसाई या तारण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदणीतला भार उतरल्याची खात्री करा, आणि सात-बारा किंवा सिटी सर्व्हे उताऱ्यावर बोजा चढवला असेल तर बँकेचे पत्र जोडून तो कमी करण्याचा अर्ज द्या. महिनाभराने नवा उतारा काढून बघा.