एटिमऑनलाइनची परीक्षा : 'रॉब', 'स्टील' आणि 'लूट' या शब्दांवर

इंग्रजी शब्दाची व्युत्पत्ती पाहायची म्हटली की बहुतेकांचा पहिला थांबा एटिमऑनलाइन असतो. डग्लस हार्पर यांनी उभा केलेला हा कोश फुकट आहे, वाचण्यासाठी खाते काढावे लागत नाही, मोबाइलवर ॲपही आहे. जाहिराती मध्ये येतात, पण मजकूर अडत नाही. प्रश्न एवढाच, की त्यातल्या नोंदीवर किती भिस्त ठेवावी. त्यासाठी चोरीचे शब्द घेणे फार सोयीचे. 'स्टील' (steal, चोरणे; पोलादाचे 'स्टील' नव्हे) अस्सल जुना इंग्रजी, 'रॉब' (rob, लुटणे) फ्रेंचमार्गे आलेला आणि 'लूट' थेट आपल्या भाषांतून गेलेला. तीन वाटांनी आलेले तीन शब्द. कोश कुठे पक्का आहे आणि कुठे ढिला, ते लगेच कळते.

आधी नोंद वाचायची कशी, ते. शब्द टाकला की नाम आणि क्रियापद वेगळ्या नोंदींत येतात. दोन्ही उघडा. क्रियापदाचा इतिहास बाराव्या शतकातला आणि नामाचा विसाव्यातला, असे सर्रास असते. मग कालनिर्देश. इथे सर्वांत जास्त घोटाळा होतो, तो 'सी' या अक्षराचा. आकड्याच्या मागे चिकटलेला 'सी' म्हणजे शतक, म्हणून '12सी' म्हणजे 1100 नंतरची शंभर वर्षे. आकड्याच्या आधी, टिंबासह आलेला 'सी' म्हणजे 'सुमारे', म्हणून 'सी. 1200' म्हणजे 1200च्या आसपास. दोन्ही एकाच नोंदीत शेजारी शेजारी येतात, आणि घाईत वाचणारा शंभर वर्षांनी चुकतो. शिवाय ते साल शब्दाच्या जन्माचे नव्हे. आज हाती असलेल्या लेखी पुराव्यात तो शब्द पहिल्यांदा कधी दिसतो, एवढेच ते सांगते. बोलण्यात तो त्याआधी किती काळ होता, हे साल सांगू शकत नाही.

तिसरी खूण तारांकनाची. ज्या रूपापुढे फुली आहे, ते कुठल्याही ग्रंथात वा शिलालेखात सापडलेले नाही. भावंडभाषांची तुलना करून अभ्यासकांनी ते बांधलेले आहे. नोंद उतरवून घेताना ही फुली गळाली की अनुमानाची वस्तुस्थिती होते. मराठीतल्या कितीतरी व्युत्पत्तीच्या लेखांत नेमके हेच झालेले दिसते.

आता 'रॉब'. इथे हा कोश आपल्या सर्वोत्तम रूपात आहे. बाराव्या शतकाच्या अखेरीस हा शब्द जुन्या फ्रेंच 'रोबेर'वरून इंग्रजीत आला. पण फ्रेंचमध्ये तो लॅटिनमधून आलेला नाही, तो जर्मानिक, म्हणजे इंग्रजी, जर्मन, डच यांच्या कुळातल्या भाषांतून शिरलेला आहे. आजचे जर्मन 'राउबेन' हे त्याचेच नात्यातले. म्हणजे जर्मानिक शब्द फ्रेंचचा वळसा घेऊन पुन्हा एका जर्मानिक भाषेत परतला. घरचा जुना शब्दही इंग्रजीत होताच. त्याचा अवशेष 'बिरीव्ह' या क्रियापदात उरला आहे. 'बिरीव्ह्ड' म्हणजे ज्याचे माणूस मृत्यूने हिरावून नेले तो. मराठीतही आपण अशा वेळी 'हिरावून नेले' हेच म्हणतो.

त्याच कुळातला 'रोब', म्हणजे लांब अंगरखा. हे नाते ऐकताना ओढूनताणून आणल्यासारखे वाटते, पण ते पक्के आहे. त्या जर्मानिक शब्दाचा अर्थ होता लुटीचा माल. लढाईत हरलेल्याच्या अंगावरचे उंची कपडे उतरवून घेणे ही तेव्हाची ठळक लूट, म्हणून मालाचे नाव कपड्याला चिकटले. दर्यावरच्या चाच्याला 'रोव्हर' म्हणत, तो डच भाषेतून आलेला याच घरातला. संगीतातला 'रुबातो' शब्द इटालियन 'रुबारे'वरून, म्हणजे एका स्वराचा वेळ चोरून दुसऱ्याला दिलेला. या शब्दांना जोडणारे दुवे नोंदीतच असतात आणि एकावरून दुसऱ्यावर जाता येते. धातूच्या, म्हणजे या शब्दांच्या समान मुळाच्या, पानावर तर सगळे गोत एकत्र मिळते. 'इंटरप्ट', 'करप्ट', 'रप्चर' यांना मागे नेणारे लॅटिन 'रुम्पेरे', म्हणजे फोडणे, तेही तिथेच भेटते. संस्कृत 'लुम्पति' याच धातूचे मानतात; आपले 'लोप' आणि 'लुप्त' त्यातून आलेले. छापील कोशात हे पाहायला चार खंड उघडावे लागतील.

'स्टील'ची गोष्ट वेगळी. जुन्या इंग्रजीतले 'स्टेलान', जर्मन 'श्टेलेन', डच 'स्टेलेन', गॉथिक 'स्टिलान' ही भावंडे निर्विवाद आहेत. त्याच्या मागे मात्र वाट धूसर होते. अशा ठिकाणी नोंदीतली 'पर्हॅप्स', 'पॉसिब्ली', 'ऑफ अनसर्टन ओरिजिन' ही शब्दयोजना डोळ्यांत तेल घालून वाचावी. ती शिष्टाचारापोटी लिहिलेली नसते. तिथे पुरावा संपलेला असतो.

'स्टील'च्या घरात 'स्टेल्थ' जरूर पाहावा. मध्ययुगीन इंग्रजीत त्याचा अर्थ सरळ 'चोरी' असा होता. पुढे चोरीच्या कृतीसाठी 'थेफ्ट' रुळला आणि 'स्टेल्थ'कडे फक्त गुपचूपपणा उरला. 'थेफ्ट' हा 'थीफ'च्या घरातला, म्हणून क्रियापद एका कुळाचे आणि नाम दुसऱ्या कुळाचे, अशी आजची जोडी झाली आहे. चोरपावलांनी जाणे, चोरटी नजर, चोरकप्पा यांत आपल्या 'चोर'चाही हाच प्रवास दिसतो : मालाची चोरी मागे पडते आणि लपवाछपवी पुढे येते.

या कोशात न मिळणारी गोष्ट म्हणजे वापर. इंग्रजी शिकणाऱ्याला खरी अडचण असते ती 'रॉब' आणि 'स्टील' यांत काय कुठे वापरायचे याची. 'स्टील'चे कर्म ही वस्तू असते. 'रॉब'चे कर्म माणूस किंवा जागा. पैसे 'स्टील' होतात, बँक 'रॉब' होते. आणि 'रॉब'सोबत गेलेली वस्तू सांगायची तर 'ऑफ' लावावे लागते. गंमत म्हणजे मराठीत हा भेद आधीच आहे : पाकीट चोरतात, प्रवाशाला लुटतात. 'प्रवाशाला चोरले' म्हटले तर अर्थच बदलतो. तोच ठोकताळा इंग्रजीला लावला तर चूक होत नाही. पण हे कळायला उदाहरणांचा साधा शब्दकोश शेजारी हवा. एटिमऑनलाइन ते काम करत नाही आणि तसा दावाही करत नाही.

खरी कसोटी लागते ती 'लूट'वर. शब्द हिंदीतून इंग्रजीत गेला हे नोंद बरोबर सांगते. पण हिंदी शब्द 'एल-यू-टी' अशा तीन साध्या रोमन अक्षरांत लिहिलेला असतो. ऊ दीर्घ आहे हे कळत नाही, ट मूर्धन्य आहे हेही कळत नाही. मूळ शब्द ठाऊक नसलेला वाचक ते 'लुत' असे वाचेल. आणि पुढचा सगळा वाद त्या एका 'ट'वरच उभा आहे.

कारण नोंद 'लूट'ला संस्कृत 'लोप्त्र', 'लोत्र' यांच्याकडे नेते, म्हणजे 'लुप्' धातूकडे. हे मानले तर 'रॉब' आणि 'लूट' दूरचे भाऊ ठरतात, आणि ही जोडी सांगायला सगळ्यांनाच आवडते. आता ध्वनी तपासा. 'सूत्र'चे सूत झाले, 'पुत्र'चे पूत, 'गोत्र'चे गोत. त्याच नियमाने 'लोत्र'चे 'लोत' व्हायला हवे. ट आला कुठून? उलट संस्कृतात 'लुण्ट्' हा लुटण्याच्याच अर्थाचा धातू आहे. 'कण्टक'चा काटा होताना अनुनासिक गळून आधीचा स्वर लांबला आणि ट जागच्या जागी राहिला. तसाच 'लुण्ट्'मधून 'लूट' सरळ निघतो. म्हणून 'रॉब'चे नाते 'लोप'शी जोडायला हरकत नाही, पण 'लूट'शी जोडताना हात आखडता घ्यावा.

ही शंका शंभर वर्षांपूर्वीच छापून आलेली आहे. यूल आणि बर्नेल यांचा 'हॉब्सन-जॉब्सन' हा अँग्लो-इंडियन शब्दांचा कोश 1886 मध्ये निघाला. त्यात 'लूट' 'लुप्'वरून दिला आहे. विल्यम क्रुक यांनी 1903 मध्ये त्याची नवी आवृत्ती संपादित केली आणि आपली भर चौकटी कंसात घातली. 'लूट'च्या नोंदीत असाच एक इवलासा कंस आहे : त्यापेक्षा 'लुण्ट्', लुटणे. ही नोंद आणखी बरेच देते. 1788च्या स्टॉकडेलच्या शब्दसंग्रहात 'लूट' इंग्रजी अर्थासह आहे, आणि 1841चे चीनचे युद्ध, क्रिमियाचे युद्ध व 1857चा उठाव या काळात तो शब्द हळूहळू खुद्द इंग्लंडात रुजला, असे ती सांगते. 'लूटीवाला' हीसुद्धा तिथे स्वतंत्र नोंद आहे.

'ठग'च्या बाबतीत मात्र एटिमऑनलाइन मराठी वाचकाला समाधान देतो. मराठी रूप तिथे आधी दिले आहे, मग हिंदी. आणि संस्कृत 'स्थग' झाकणे या अर्थाच्या धातूशी 'पॉसिब्ली' म्हणून जोडला आहे. त्याच मुळाकडे इंग्रजी 'थॅच' जातो, म्हणजे छप्पर शाकारणे, आणि लॅटिनमार्गे 'प्रोटेक्ट', 'डिटेक्ट'ही. झाकणारा ठग आणि झाकण उघडणारा 'डिटेक्टिव्ह' एका घरातले असू शकतात. या वेळी अनिश्चितता जिथल्या तिथे नोंदवली आहे. 'लूट'ला तेवढीच काळजी मिळायला हवी होती.

यामागे एक कायमची उणीव आहे. आधाराच्या ग्रंथांची यादी कोशात स्वतंत्र पानावर मिळते, पण नोंदीतले अमुक विधान कुठल्या ग्रंथातून घेतले, हे बहुतेक वेळा सांगितलेले नसते. अभ्यासाच्या लेखनात आधार म्हणून नुसते हे नाव टाकणे म्हणूनच पुरत नाही. पहिल्या नोंदीचे अवतरण हवे असेल तर ऑक्सफर्डचा मोठा कोश पाहावा. तो वर्गणीवर चालतो, पण विद्यापीठांची आणि काही सार्वजनिक ग्रंथालये सभासदांना तो उघडून देतात.

भारतीय मुळाच्या शब्दांसाठी शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावरचा दक्षिण आशियाई कोशांचा संग्रह फुकट आहे. 'हॉब्सन-जॉब्सन'ची क्रुक आवृत्ती, मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश, दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश आणि टर्नरचा भारतीय-आर्य भाषांचा तौलनिक कोश तिथे शोधता येतात. क्रम असा ठेवावा : इंग्रजीतले साल 'हॉब्सन-जॉब्सन'मध्ये, मराठीतले अर्थ मोल्सवर्थमध्ये, आणि ध्वनीचा प्रवास टर्नरमध्ये.

तिथे नवख्याची पहिली अडचण लेखनाची होते. मोल्सवर्थची दुसरी आवृत्ती 1857ची आहे, म्हणून क्रियापदे जुन्या पद्धतीने शेवटच्या अनुस्वारासह येतात : 'लुटणें', 'चोरणें'. आजच्या लेखनाने 'लुटणे' टाकून काही हाती लागले नाही, तर शब्द तिथे नाही असे समजू नये. नुसते 'लुट' टाकून त्या अक्षरांनी सुरू होणारे शब्द मागवावेत, आणि मग दीर्घ ऊकाराने 'लूट' वेगळा शोधावा, कारण कोशक्रमात ऱ्हस्व आणि दीर्घ उकाराचे शब्द वेगवेगळ्या जागी पडतात.