अ‍ॅमेझॉनमधील माहितीपट: सहनिर्मिती करावी की कॅमेरा गावाच्या हाती द्यावा?

ब्राझीलच्या वर्षावनातील आदिवासी समाजासोबत माहितीपट करू इच्छिणाऱ्यांपुढे दोन मार्ग आहेत. एकात दिग्दर्शक बाहेरचा असतो आणि समाज सहनिर्माता असतो. दुसऱ्यात बाहेरून आलेली मंडळी कॅमेरा व संकलन शिकवतात आणि काय टिपायचे हे गाव ठरवते.

दुसऱ्या मार्गाचा सर्वांत मोठा अनुभव माहितीपटकार विन्सेंट कारेली यांनी १९८६ मध्ये सुरू केलेल्या ‘व्हिडिओ नास आल्देयास’ या उपक्रमाच्या गाठीशी आहे. सुरुवातीच्या काळात कारेली यांनी नांबिक्वारा समाजातील मुलीच्या वयात येण्याचा सोहळा चित्रित करून तो त्याच लोकांना दाखवला, तेव्हा आपल्या अंगावर इतके कपडे असलेले त्यांना रुचले नाहीत. त्यांनी अंग रंगवून सोहळा नव्याने केला, आणि वीसेक वर्षांपूर्वी सुटलेली मुलांचे नाक व ओठ टोचण्याची प्रथाही पुन्हा सुरू केली. चित्रीकरण लगेच गावासमोर ठेवल्यामुळेच हे घडले. पूर्ण झालेला माहितीपट वर्षभराने नेऊन दाखवला असता, तर नापसंतीला काही अर्थच उरला नसता. पुढे या उपक्रमाच्या कार्यशाळांतून तकुमा कुइकुरो यांच्यासारखे दिग्दर्शक तयार झाले. मात्र या मार्गाला वर्षे लागतात, आणि तयार होणारे माहितीपट आधी गावासाठी असल्याने वाहिन्यांच्या साच्यात ते सहजी बसत नाहीत.

पहिल्या मार्गाचे ठळक उदाहरण म्हणजे अ‍ॅलेक्स प्रिट्झ यांचा २०२२ चा माहितीपट ‘द टेरिटरी’. ब्राझीलच्या रोंडोनिया राज्यातील उरु-एउ-वाउ-वाउ या आदिवासी लोकांची संख्या दोनशेच्या आत आहे आणि त्यांच्या जंगलात जमीन बळकावणारे सतत घुसतात. २०२० मध्ये साथीमुळे समाजाने आपली हद्द बाहेरच्यांसाठी बंद केली, तेव्हा तेथील तरुणांनीच कॅमेरा हाती घेऊन गस्तीचे चित्रीकरण केले. दिग्दर्शक बाहेरचा असल्याचा एक निर्विवाद फायदा येथे दिसतो: घुसखोरांच्या घरात जाऊन त्यांची बाजू टिपणे त्याला शक्य झाले, जे गावातील कोणाच्याही जिवावर बेतले असते. अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवातील प्रेक्षक पुरस्कारामुळे हा प्रश्न दूरवर पोहोचला.

म्हणून विषय जमिनीवरील अतिक्रमणाचा असेल आणि पुरावा लवकर जगापुढे यायला हवा असेल, तर सहनिर्मिती निवडावी. विधी, गाणी किंवा वडीलधाऱ्यांच्या आठवणी हा विषय असेल, तर निःशंकपणे कॅमेरा गावाकडे द्यावा. सहनिर्मितीत एक जबाबदारी अधिक जड असते. एप्रिल २०२० मध्ये उरु-एउ-वाउ-वाउंच्या गस्ती पथकातील एका तरुणाचा खून झाला, आणि चित्रीकरण संपल्यावर आपण परत जातो तेव्हा पडद्यावर ज्यांचे चेहरे दिसतात ते तिथेच राहतात. त्यामुळे कोणते दृश्य वगळायचे, हे सांगण्याचा अधिकार समाजाला करारातच लिहून द्यावा, आणि पहिले कच्चे संकलन निधी देणाऱ्यांच्या आधी गावाला दाखवावे.

परवानगीच्या बाबतीत दोन्ही मार्ग सारखेच आहेत. आदिवासी क्षेत्रात शिरण्यासाठी ‘फुनाई’ या सरकारी संस्थेची मंजुरी लागते, आणि तिच्या २००६ च्या नियमांनुसार प्रतिमेच्या वापरासाठी समाजाची संमती आवश्यक असते. त्यासाठीचा वेळ वेळापत्रकात आधीच धरावा.