तोच साप, दोन वेळा

धामणीच्या शेपटीचं टोक तुटलेलं होतं. एरवी ते निमुळतं होत होत सुतळीसारखं संपतं, हिचं मात्र बोटभर आधीच बोथट थुटकं. पहिल्या खेपेला मी तिचा फोटो काढला तो केवळ भावाला दाखवायला, की बघ, आमच्या घरात काय निघालं. तो फोटो मोबाइलमध्ये राहिला नसता तर साप पकडायला बोलावलेल्या त्या माणसाला मी आजही दर महिन्याला पैसे देत असते.

झालं असं की आईला मागच्या दारी नळापाशी साप दिसला. दिसला म्हणजे शेपटीचा शेवटचा वीतभर भाग विटांच्या ढिगात जाताना दिसला. घरात लहान पुतण्या, आईचं वय झालेलं, त्यात मी स्वतः सापाला भयंकर घाबरणारी. रात्रीच मोबाइलवर शोधाशोध केली आणि पहिल्या जाहिरातीतला नंबर फिरवला. फोनवर त्याने साप केवढा होता, कुठल्या रंगाचा होता, आत्ता कुठे आहे, यातलं काहीच विचारलं नाही. घर स्वतःचं आहे का आणि बाग केवढी आहे, एवढंच विचारलं. हे मला तेव्हा खटकायला हवं होतं.

सकाळी आला तो अगदी गोड बोलत. "ताई, एक दिसला म्हणजे जोडी असतेच. एकाला पकडला तर दुसरा डूख धरतो." मी शिकलेली बाई, पण त्या क्षणी हे मला पटलं. (साप जोडीने संसार करत नाहीत आणि डूखही धरत नाहीत. मिलनाच्या काळापुरते एकत्र येतात, मग आपापल्या वाटेने जातात.) मग त्याने कुंडीमागून दोन पांढरी अंडी काढून तळहातावर ठेवली. "ही बघा, सापाची. आता पिल्लं निघतील." आईने तोंडाला पदर लावला. अंडी हरभऱ्यापेक्षा थोडी मोठी, गोल, आणि त्याने नखाने टिचकी मारली तर टक् असा आवाज आला. ती टिचकी मी विसरले नाही, म्हणून पुढे उलगडा झाला. सापाच्या अंड्याचं कवच मऊ, चामड्यासारखं असतं आणि अंडं लांबट असतं. कडक कवचाची, गोल, जोडीने चिकटवलेली अंडी पालीची. आमच्या घरात पाली भरपूर.

यानंतर त्याने आम्हा सगळ्यांना आत जायला सांगितलं. "माणसाचा वास आला की जनावर बाहेर पडत नाही. दार लावून घ्या." त्याच्या खांद्याला कापडी पिशवी होती. पाचेक मिनिटांत हाक आली, आणि बाहेर येऊन पाहतो तर त्याच्या हातात चांगली लांबलचक धामण. मी फोटो काढला. धामण बिनविषारी असते हे त्याने सांगितलं नाही. "जहाल आहे, लांब राहा" म्हणाला.

एवढं पाहिल्यावर नाही कोण म्हणणार? त्याच दुपारी कुंपणाच्या कडेने पिवळट पावडरीची रेघ ओढली गेली, चार कोपऱ्यांत जमिनीत खोचायची सौरऊर्जेवरची यंत्रं आली, वेलांवर नायलॉनची जाळी टाकली गेली, आणि वर वर्षभराचा करार. करार म्हणजे महिन्यातून एकदा येऊन तो बाग 'तपासणार'. पावती मागितली तर व्हॉट्सॲपवर अंगठा आला.

पावडरीला वास होता डांबरगोळ्यांचा, आणि त्याखाली काडी ओढल्यावर येतो तसा. म्हणजे नॅप्थलीन आणि गंधक. सापाला दूर ठेवायची पावडर म्हणून जगभर हेच मिश्रण वेगवेगळ्या डब्यांत विकलं जातं, आणि चाचण्यांत साप त्यावरून बिनदिक्कत सरपटत गेलेले आहेत. आमच्याकडे चाचणीची गरजच पडली नाही. तिसऱ्या आठवड्यात त्या रेघेवर आडवी पडलेली कात सापडली, अर्धी अलीकडे, अर्धी पलीकडे. मी फोन केला तर म्हणाला, "ताई, तो पळून जाताना टाकून गेलाय. म्हणजे औषध लागू पडतंय." मी हो म्हणाले! माझाच राग येतो आता. त्याच सुमारास पुतण्याच्या मुठीत पांढरी गोळी दिसली. पावडरीबरोबर सुट्या डांबरगोळ्याही टाकल्या होत्या आणि त्याला ती पेपरमिंट वाटली. नॅप्थलीन पोटात गेलं तर लहान मुलाच्या रक्तातल्या तांबड्या पेशी फुटू शकतात, आणि काही मुलांच्या शरीरात जन्मजात एका एन्झाइमची कमतरता असते, त्यांना थोडंसुद्धा भोवतं. साप आमचं काही करणार नव्हता. ती गोळी करू शकली असती.

यंत्रांचं तर काय सांगावं. तो म्हणे यातून अल्ट्रासोनिक लहरी निघतात, माणसाला ऐकू येत नाहीत, सापाला सहन होत नाहीत. सापाला बाहेरचा कान नसतो. जबड्याच्या हाडातून आतल्या कानापर्यंत कंपनं पोचतात, हवेतला आवाजही थोडाफार कळतो, पण तो खालच्या पट्टीतला, साधारण ८० ते ६०० हर्ट्झच्या आसपासचा. अल्ट्रासोनिक म्हणजे २०,००० हर्ट्झच्या वर. म्हणजे जे आपल्याला ऐकू येत नाही ते सापाला तर मुळीच येत नाही. घरातल्या एकाही माणसाला ऐकू न येणारी वस्तू चालू आहे की बंद, हे कळायलाही मार्ग नाही. नंतर मी त्यातलं एक उघडलं. दिव्याची वायर जोडलेली होती, दुसरी एक वायर कुठेच जोडलेली नव्हती.

दुसऱ्या महिन्याच्या 'तपासणी'त पुन्हा तेच. दार लावा, वास येतो, पाच मिनिटं, हाक. पुन्हा धामण. "बघा, ही जोडीतली दुसरी." या वेळी मी जरा धीर करून जवळ गेले. धामण चपळ आणि तापट असते, पकडली तर वळवळते, उलटून चावायला बघते, असं मी तोवर वाचलं होतं. ही त्याच्या हातातून ओल्या दोरीसारखी लोंबत होती. कातडी निस्तेज. ओठांच्या कडेला दोन्ही बाजूंनी बारीक काळे ठिपके, सुई टोचून काढल्यासारखे. आणि शेपटीला टोक नव्हतं.

त्याच्या देखत काही बोलले नाही, फक्त पुन्हा फोटो काढला. तो गेल्यावर दोन्ही फोटो शेजारी ठेवले. तेच थुटकं, त्याच्या अलीकडे तोच पांढरट डाग.

भावाच्या ओळखीतून एक सर्पमित्र आले. त्यांनी फोटोतले ठिपके बघून सांगितलं की तोंड शिवून ठेवलेलं असणार, मग टाके काढलेले. त्या धामणीबद्दल ते जितकं हळहळले तितकं माझ्या पैशांबद्दल नाही, आणि ते बरोबरच होतं. मग बागेत फिरले. सापाबद्दल एक अक्षर नाही, "उंदीर किती आहेत?" हा पहिला प्रश्न. पाखरांना टाकलेले दाणे रात्रभर पडून राहत, त्यावर उंदीर येत, उंदरांमागे साप. विटांचा ढीग म्हणजे तयार बीळ. नळ गळत असल्याने तिथे ओल आणि बेडूक. मागच्या दाराखालच्या फटीत त्यांनी पेन्सिल सरकवली, ती आरपार गेली. "पेन्सिल जाते तिथून पिल्लू येतं." नायलॉनची जाळी आधी काढायला लावली, कारण साप तीत खवल्यांनी अडकतो, सुटायच्या धडपडीत जखमी होऊन मरतो, आणि अडकलेला साप सोडवायला गेलेल्या माणसाला चावू शकतो.

दाराला खालून रबरी पट्टी बसवली, सांडपाण्याच्या पाइपांना ६ मिलिमीटरची जाळी, नळाला नवा वायसर, विटा देऊन टाकल्या. मी कुंपणाचंही विचारलं. म्हणाले, तसं करता येतं: बारीक जाळी, ९० सेंटिमीटर उंच, १५ सेंटिमीटर जमिनीत गाडलेली, बाहेरच्या बाजूला ३० अंश कललेली, आणि तिला टेकून एकही झाड किंवा वस्तू नको. पण मुलांच्या खेळण्याच्या जागेपुरतं ठीक, अख्ख्या बागेला नको. त्यांनी पैसे घेतले नाहीत. जाताना एवढंच म्हणाले की पुन्हा दिसला तर लांबून नजर ठेवा, फोटो पाठवा, आणि येईल त्याच्याबरोबर बाहेर उभं राहून बघा. साप पकडणाऱ्याला तुम्ही सहा-सात पावलांवर उभे राहिल्याने काही अडत नाही. आणि त्याची पिशवी आधी रिकामी करून बघायला लाजू नका.

मी त्या माणसाला दोन्ही फोटो पाठवले. उत्तर आलं, "ताई सगळ्या धामणी सारख्याच दिसतात." त्यानंतर नंबर बंद. तक्रार दिली आहे, फोटोंसकट. पैसे आलेले नाहीत, आणि ती धामण अजून कुणाच्या तरी बागेत 'सापडत' असेल, हे मनातून जात नाही.

गेल्या आठवड्यात संध्याकाळी कुंपणाकडून एक धामण आली, सरसर बाग ओलांडून पलीकडे गेली. मधे एकदा थांबून मान उचलून तिने आमच्याकडे बघितलं. आई आत गेली, दार लावलं, वाकून खालची पट्टी बोटाने चाचपून पाहिली. मग खिडकीतून मला विचारलं, "शेपूट पूर्ण होतं का गं?"

होतं.